तुमचे प्रश्न: चौदा टीमचा पिचर, पास की नापास?

मागच्या अंकातल्या क्विझमधे विचारलं होतं की अमेरिकेच्या मेजर लीग बेसबॉलमधे १४ वेगवेगळ्या टीमकडून खेळलेला पहिला माणूस कोण. उत्तर होतं एडविन जॅक्सन, पिचर, म्हणजे बॉल टाकणारा. एवढ्याशा प्रश्नावर इतके मेल येतील असं वाटलं नव्हतं, क्रिकेट सोडून दुसऱ्या खेळावरही आपले लोक तावातावाने भांडतात हे बघून बरं वाटलं, तर या वेळचं सगळं सदर त्यालाच देऊन टाकतोय.

प्रश्न (ठाण्याहून एक काका): १४ टीमनी हाकलला म्हणजे खेळाडू सुमारच असणार ना? चांगल्या माणसाला कोण सोडतं?

काका, निम्म्या लोकांनी हेच विचारलंय म्हणून तुमचा नंबर पहिला. आकडे बघाल तर ग्रेट नाहीये तो, ते आधीच कबूल करून टाकू. १०७ मॅच नावावर जिंकलेल्या, १३३ हरलेल्या, आणि दर नऊ इनिंगला सरासरी ४.७८ रन दिलेले. एका मॅचला नऊच इनिंग असतात, म्हणजे पूर्ण मॅच यानेच टाकली तर साधारण किती रन जातील त्याचा हा हिशोब, चारच्या आत असला की चांगला आणि पाचच्या वर गेला की मॅनेजरच्या कपाळावर आठ्या. हा आपला मधे कुठेतरी.

पण सुरुवात बघा. १९८३ चा जन्म, तोही जर्मनीतल्या नॉय-उल्मचा कारण वडील अमेरिकन आर्मीत, वाढला जॉर्जियातल्या कोलंबसला. २००१ मधे लॉस एंजेलिस डॉजर्सनी ड्राफ्टच्या, म्हणजे टीमनी आळीपाळीने नवे खेळाडू निवडायच्या, सहाव्या राउंडला उचलला आणि ९ सप्टेंबर २००३ ला, स्वतःच्या विसाव्या वाढदिवशी, पहिल्यांदा मेजर लीगच्या मैदानात उतरवला. समोर अ‍ॅरिझोनाचा रँडी जॉन्सन, सहा फूट दहा इंच उंच, त्या काळात ज्याला बघून भले भले बॅटर टरकायचे असा माणूस, आणि पोरगं जिंकलं! त्या रात्री कुणी म्हटलं असतं की हा बारा काय, चौदा गावचं पाणी पिणार आहे, तर लोकांनी वेड्यात काढलं असतं.

पुढे डॉजर्सकडे जम बसला नाही. जानेवारी २००६ मधे टॅम्पा बेला ट्रेड. तिथे २००७ ला ५ जिंकल्या आणि १५ हरल्या, आपल्याकडे असता तर टीव्हीवर चार माजी खेळाडूंनी बसून त्याची सालटी काढली असती, टॅम्पावाले मात्र त्याच्या टर्नला त्याच्याच हातात बॉल देत राहिले. पुढच्या वर्षी तो १४-११, आणि तोपर्यंत एकाही सीझनमधे हारपेक्षा जीत जास्त न बघितलेली ती टीम थेट वर्ल्ड सिरीजला, म्हणजे फायनलला, गेली. (फिलाडेल्फियाकडून हरली, पण गेली.) त्यानंतर लगेच डिसेंबरमधे याला डेट्रॉइटला देऊन टाकलं. २००९ ला डेट्रॉइटकडून ऑल-स्टार झाला, म्हणजे लीगमधल्या निवडक खेळाडूंच्या टीममधे आला, बक्षीस काय, तर त्याच वर्षीच्या डिसेंबरमधे परत ट्रेड.

आता माझं म्हणणं ऐका. माणसाची किंमत कोण सोडतंय यावरून कळत नाही, त्याच्या बदल्यात काय मिळतंय त्यावरून कळते. २००९ चा तो व्यवहार तिहेरी होता, जॅक्सन अ‍ॅरिझोनाला, कर्टिस ग्रँडरसन यांकीजला, आणि डेट्रॉइटला जे लोक मिळाले त्यात मॅक्स शर्झर होता, ज्याने पुढे साय यंग अवॉर्ड, म्हणजे वर्षातल्या बेस्ट पिचरचं बक्षीस, तीनदा घेतलं. पुढच्या वर्षी अ‍ॅरिझोनाने जॅक्सनला शिकागो व्हाइट सॉक्सकडे पाठवलं आणि बदल्यात दोन तरुण पिचर घेतले, त्यातला डॅनियल हडसन म्हणजे तोच ज्याने २०१९ च्या वर्ल्ड सिरीजचा शेवटचा आउट वॉशिंग्टनला काढून दिला. सुमार माणसाच्या बदल्यात असली पोरं कोण देतं हो?

आणि हे लोक देत का होते, तर हजेरी. सीझनला १६२ मॅच, टीमचे साधारण पाच पिचर आळीपाळीने मॅच सुरू करतात, म्हणजे एकाच्या वाट्याला फार फार तर ३३ च्या आसपास येतात. जॅक्सनने २००७ ते २०१३ सलग सात सीझन प्रत्येक वर्षी ३० च्या वर मॅच सुरू केल्या! या धंद्यात पिचरचा कोपर कधी जाईल सांगता येत नाही, कोपराच्या त्या लिगामेंटचं ऑपरेशन इतकं कॉमन झालंय की १९७४ मधे डॉ. फ्रँक जोब यांनी ज्याच्यावर पहिल्यांदा केलं त्या टॉमी जॉनच्या नावानेच ते ओळखलं जातं आणि एकदा झालं की वर्ष-दीड वर्ष माणूस घरी. अशा ठिकाणी दीडशेच्या वर किलोमीटर स्पीडने टाकणारा आणि सात वर्षं जवळपास प्रत्येक टर्नला उभा असणारा माणूस कुणाला नकोय? फक्त त्याच्यावर टीम उभी करावी असं कुणालाच वाटलं नाही, भोक पडलं की बुजवायला मात्र पहिला फोन त्याला. त्यामुळे १४ जणांनी सोडला हे जितकं खरं तितकंच १४ जणांनी मागून घेतला हेही खरं.

प्रश्न (कोल्हापूर): खेळाडूला न विचारता दुसऱ्या टीमला देऊन टाकतात हे खरं आहे का? ही तर गुलामगिरी झाली!

खरं आहे, आणि तुम्ही वापरलाय तोच शब्द एका खेळाडूने स्वतःच वापरला होता. १९६९ मधे सेंट लुइस कार्डिनल्सनी कर्ट फ्लड नावाच्या त्यांच्या सेंटर फील्डरला फिलाडेल्फियाला ट्रेड केलं, तो म्हणाला मी जाणार नाही, मी काही विकायची वस्तू नाही. कृष्णवर्णीय माणूस, चांगला पगारदार, लोक म्हणाले एवढे पैसे मिळतात मग तक्रार कसली, तर तो टीव्हीवर म्हणाला की चांगला पगार मिळणारा गुलाम हा शेवटी गुलामच. केस सुप्रीम कोर्टापर्यंत गेली, १९७२ ला हरला, करिअर संपलं ते संपलंच. पण त्यानंतर दोन गोष्टी झाल्या. एक म्हणजे नियम आला की मेजर लीगमधे १० वर्षं झालेली आणि त्यातली शेवटची ५ सलग एकाच टीमकडे काढलेली असतील तर तो खेळाडू ट्रेडला नाही म्हणू शकतो. दुसरं, १९७५ च्या शेवटी एका लवादाच्या निकालाने फ्री एजन्सीचं दार उघडलं, आज सहा वर्षांची सर्व्हिस झाली आणि करार संपला की खेळाडू हवं तिथे जायला मोकळा.

आता गंमत बघा, जॅक्सनची १० वर्षं आरामात भरली, पण सलग ५ एका ठिकाणी कधी भरलीच नाहीत. म्हणजे जो सारखा ट्रेड होतो त्यालाच ट्रेड अडवायचा हक्क कधी मिळत नाही, नियम बनवणाऱ्यांना याची मजा वाटली असेल की नाही देव जाणे.

२७ जुलै २०११ ला तर कहर झाला. सकाळी हा व्हाइट सॉक्सचा, त्यांनी टोरांटो ब्लू जेजला दिला, टोरांटोने तासाभरात म्हणावं इतक्या पटकन पुढे सेंट लुइसला दिला कारण त्यांना तिथला कॉल्बी रॅस्मस हवा होता. एका दिवसात तीन टीम, त्यातल्या मधल्या टीमची जर्सी अंगाला लागली पण नाही. आणि नशीब कसं असतं बघा, त्याच वर्षी सेंट लुइसने वर्ल्ड सिरीज जिंकली! जॅक्सनने चौथी मॅच सुरू केली होती, सहाव्या इनिंगपर्यंत ७ जणांना वॉक दिले (चार बॉल बाहेर गेले म्हणून फुकटात पहिला बेस) आणि टेक्ससकडून ती मॅच ४-० ने गेली, पण सिरीज आली आणि चॅम्पियनची अंगठी मिळाली. आणि ज्या टोरांटोने त्याला नुसता हातावरून हातावर सरकवला त्याच टोरांटोने मे २०१९ मधे ओकलंडला पैसे मोजून त्याला आणला, १५ मे ला सॅन फ्रान्सिस्कोत तो उतरला आणि तीच त्याची चौदावी टीम, तोच तो रेकॉर्ड. आठ वर्षांनी का होईना जर्सी मिळाली.

प्रश्न (पुणे, कॉलेजच्या टीमकडून सॉफ्टबॉल खेळणारी एक मैत्रीण): मी स्वतः पिचर आहे. जॅक्सनने नो-हिटर टाकलाय असं वाचलं, पण त्यात १४९ पिच आणि ८ वॉक लिहिलेत, हे छापताना चुकलंय का?

अजिबात नाही चुकलेलं, आणि तू विचारलंस म्हणून मी खूश आहे कारण माझ्या मते अख्ख्या करिअरमधली बघण्यासारखी रात्र तीच.

बाकीच्यांसाठी थोडक्यात, नो-हिटर म्हणजे समोरच्या टीमला पूर्ण मॅचमधे एकही हिट (बॉल मारून बेस गाठणं) मिळू न देणं. लोकांच्या डोक्यात चित्र असं की पिचर त्या दिवशी एकदम फॉर्मात, सगळे बॉल हवे तिथे पडतायत. जॅक्सनचा दिवस नेमका उलटा होता. तारीख २५ जून २०१०, तो अ‍ॅरिझोनाकडून, आणि मैदान टॅम्पा बेचं, म्हणजे ज्यांनी दीड वर्षापूर्वी त्याला देऊन टाकलं त्यांच्याच घरात. टॅम्पा त्या वर्षी त्यांच्या गटात पहिले आले, अ‍ॅरिझोना तळाला.

पहिल्या तीन इनिंगमधेच ७ वॉक! तू समजू शकशील तेव्हा काय होतं, हातातून बॉल सुटतोय पण झोनमधे जायला तयार नाही, चार बाहेर गेले की बॅटर फुकटात पहिल्या बेसवर. तिसऱ्या इनिंगमधे तर एकही आउट न होता तिन्ही बेस भरले, तेही सगळे वॉकने. तिथे बहुतेक मॅनेजर बुलपेनला फोन लावतात, म्हणजे पुढचा पिचर गरम करायला सांगतात. तिथून हा एकही रन न देता बाहेर पडला. दुसऱ्या इनिंगमधे अ‍ॅडम लारोशने मारलेला एक होमरन (आपल्या सिक्सरसारखा) एवढीच काय ती शिल्लक, १-०, म्हणजे चुकायला जागाच नाही. आणि मग हळूहळू तो सापडत गेला, आउट पडत गेले, आणि सातव्या-आठव्या इनिंगला मॅनेजर ए. जे. हिंचची खरी पंचाईत झाली कारण आजकाल १०० पिच झाले की पिचरला काढतात, हा १२० च्या पुढे गेलेला, काढला तर इतिहास घालवला म्हणून लोक बोलणार आणि ठेवला आणि हात गेला तर त्याहून जास्त बोलणार. ठेवला त्याने. १४९ वा पिच पडला तेव्हा स्कोअरबोर्डवर टॅम्पाच्या हिटपुढे शून्य.

तुमच्या सॉफ्टबॉलमधे अंडरआर्म आणि अंतर ४३ फुटांचं, इथे १० इंच उंचवट्यावरून ओव्हरआर्म, ६० फूट ६ इंचांवरून, त्यामुळे खांद्यावर येणारा भार वेगळाच असतो, १४९ चा आकडा बघून तू त्याची कॉपी करू नकोस एवढंच सांगतो. सुंदर म्हणता येणार नाही असा नो-हिटर होता पण मला तो त्यामुळेच आवडतो, जॅक्सनचं सगळं करिअर त्या एका मॅचमधे बसतं, सुरुवातीला सगळी गडबड आणि तरी माणूस उभा.

आणि पाच आठवड्यांनी, ३० जुलैला, अ‍ॅरिझोनाने त्याला ट्रेड केलं, ते वर आलंच आहे.

प्रश्न (नागपूर, व्यवसायाने सीए): पैशाचं गणित सांगा. टीम सोडून देते तेव्हा पगार बंद होतो का?

सीए साहेब, तुम्हाला हे उत्तर आवडेल. मेजर लीगचे करार गॅरंटीड असतात, टीमने काढलं तरी ठरलेले पैसे द्यावेच लागतात. जॅक्सनने २०१२ मधे वॉशिंग्टनकडे एका वर्षाचे १ कोटी १० लाख डॉलर घेतले आणि त्यानंतर शिकागो कब्जबरोबर चार वर्षांचे ५ कोटी २० लाख डॉलरचा करार केला, आयुष्यातला पहिला आणि एकमेव असा मोठा करार, आता जरा एका जागी बसू म्हणून. आणि नेमकं तिथेच गाडं रुतलं. २०१३ ला ८-१८, नॅशनल लीगमधे (मेजर लीगच्या दोन भागांपैकी एक) सगळ्यात जास्त हारलेला पिचर, २०१४ ला ६-१५ आणि सरासरी ६.३३. कब्जच्या चाहत्यांनी त्याला जे काय म्हटलं ते छापता येणार नाही. जुलै २०१५ मधे कब्जनी त्याला मोकळा केला, २०१६ चं वर्ष अजून बाकी होतं.

आता यातली मेख अशी की दुसऱ्या टीमने त्याला घेतलं तर त्या टीमने फक्त किमान पगार द्यायचा, त्या वेळी वर्षाला ५ लाख ७ हजार ५०० डॉलर, आणि बाकीचे लाखो डॉलर कब्जच भरत राहणार. म्हणजे बाजारात हा अनुभवी पिचर जवळपास फुकट उपलब्ध! मग अटलांटा, मायामी, सॅन डिएगो अशी रांग लागली. टीमची यादी लांबली त्याला त्याचा खेळ जितका कारण तितकाच हा करारही कारण, हे कुणी फारसं बोलत नाही. पुढे २०१७ ला बाल्टिमोर आणि पुन्हा वॉशिंग्टन, तोपर्यंत मोठे करार संपलेले आणि मायनर लीगच्या, म्हणजे मेजरच्या खालच्या लीगच्या, करारावर, ट्रिपल-ए मधे (मायनर लीगची सगळ्यात वरची पायरी) थांबून वरच्या फोनची वाट बघायची असं सुरू झालं. २०१८ ला वॉशिंग्टनच्या ट्रिपल-ए टीममधून स्वतःच बाहेर पडला आणि ओकलंडला गेला. ओकलंडचे पिचर एकामागून एक दुखापतीने बसलेले, याने १७ मॅच सुरू केल्या, ६-३, सरासरी ३.३३, टीम ९७ मॅच जिंकून प्लेऑफला. ३४ वर्षांचा होता! तीच तेरावी टीम, तिथे डोमिनिकन पिचर ऑक्टाव्हिओ डोटेलच्या रेकॉर्डची बरोबरी झाली.

एक गोष्ट मात्र लक्षात घ्या, हे सगळं वरच्या मजल्याचं. खाली मायनर लीगमधे २०२३ च्या करारानंतर ट्रिपल-ए चा किमान पगार वर्षाला ३५,८०० डॉलर झाला, त्याआधी तर फारच दयनीय होतं, पोरं ऑफ-सीझनला गोडाऊनमधे काम करायची. वरच्या लीगमधे ४३ दिवस भरले की पेन्शन लागू होते. त्या ४३ दिवसांसाठी माणसं वर्षानुवर्षं बसने फिरतात.

प्रश्न (नाशिक): माझे मिस्टर बँकेत, सारख्या बदल्या, मुलांच्या शाळा बदलून मी थकले. या लोकांच्या बायका काय करतात हो?

ताई, तुमच्या ऑर्डरवर निदान जॉइन व्हायची तारीख तरी असते. इथे ट्रेड झाला की दोन-तीन दिवसांत नव्या गावात हजर, सामान हलवायचा खर्च मिळतो पण घर, शाळा, गाडी सगळं मागे उरतं आणि ते निस्तरायला मागे बायकोच. त्यातून ट्रेडची शेवटची तारीख जुलैअखेर, म्हणजे नेमकी अमेरिकेतल्या शाळा सुरू व्हायच्या तोंडावर. बरेच जण म्हणून कुटुंब एका गावी ठेवतात आणि स्वतः बॅग उचलून फिरतात. जॅक्सन आर्मीतल्या घरचा असल्यामुळे त्याला हे लहानपणापासून अंगवळणी पडलं असावं असा माझा आपला अंदाज.

प्रश्न (सॅन होजेहून एक वाचक): रिच हिलला विसरलात का? त्याच्याही १४ टीम झाल्यात!

विसरू कसा, म्हणून तर क्विझमधे ‘पहिला’ असा शब्द घातला होता. जॅक्सनचे चाहते चिडतील, पण या दोघांत मला हिलची गोष्ट जास्त अचाट वाटते.

१९८० चा जन्म, बॉस्टनजवळचा, डावखुरा, कब्जकडून २००५ ला सुरुवात. २००७ ला चांगला गेला आणि मग खांदा, कोपर, सगळं एकामागून एक. फिरत फिरत २०१५ च्या उन्हाळ्यात तो वॉशिंग्टनच्या ट्रिपल-ए मधून बाहेर पडला आणि कुणीच घेईना. ३५ वर्षांचा. शेवटी लाँग आयलंड डक्स नावाच्या टीमकडे गेला, ही मेजर लीगशी काही संबंध नसलेली स्वतंत्र लीग, करिअर जिथे मरायला जातं अशी जागा. तिथे दोन मॅचमधे ११ इनिंग, एकही रन नाही, २१ स्ट्राइकआउट (तीन स्ट्राइकमधे बॅटर आउट). बॉस्टन रेड सॉक्सनी उचलून आपल्या ट्रिपल-ए ला टाकला आणि तिथे ब्रायन बॅनिस्टर नावाचा त्यांचा माणूस त्याच्याशी बसून बोलला. बॅनिस्टर स्वतः माजी पिचर, आकडे बघून त्याने सांगितलं की तुझा कर्व्हबॉल (हवेत वळणारा बॉल) इतका जबरी आहे मग तू तो इतका कमी का टाकतोस, जास्त टाक आणि प्रत्येक वेळी वेगळा टाक, स्पीड बदल, हाताचा कोन बदल. म्हणजे फास्टबॉल मुख्य आणि कर्व्ह अधूनमधून ही शंभर वर्षांची शिकवण उलटी करायची. १३ सप्टेंबरला टॅम्पाविरुद्ध उतरला, ७ इनिंग, १ हिट, १० स्ट्राइकआउट. त्या महिन्यात चार मॅच, २९ इनिंगमधे ३६ स्ट्राइकआउट. त्या चार मॅचवर त्याला ओकलंडने पुढच्या वर्षाचे ६० लाख डॉलर दिले आणि डिसेंबर २०१६ मधे डॉजर्सनी तीन वर्षांचे ४ कोटी ८० लाख. सोळा महिन्यांपूर्वी हा डक्सकडे होता!

आणि २३ ऑगस्ट २०१७ ची पिट्सबर्गची रात्र तर बघवत नाही. आठ इनिंग पर्फेक्ट, म्हणजे एकही बॅटर बेसवर गेलेला नाही. नवव्यात स्वतःच्याच टीमच्या लोगन फोर्सिथच्या एररने पर्फेक्ट गेलं, तरी नो-हिटर शाबूत, पण डॉजर्सच्या बॅटरनी नऊ इनिंगमधे एक रन काढून दिला असेल तर शपथ. दहाव्या इनिंगला हिल परत आला, जॉश हॅरिसनने होमरन मारला, एकच हिट, मॅच १-० ने गेली. असल्या माणसाच्या नावावर हार लिहितात, सांगा आता. म्हणून पिचरच्या नावापुढचे जिंकले-हरले बघून मत बनवू नका असं मी वरच्या काकांना सांगणार होतो.

२२ जुलै २०२५ ला, वय वर्षं ४५, तो कॅन्सस सिटी रॉयल्सकडून उतरला आणि १४ ची बरोबरी झाली. दोन मॅच टाकल्या, दोन्ही हरला, आणि आठवडाभरातच रॉयल्सनी त्याला रोस्टरवरून काढलं.

प्रश्न (जळगाव, नववीतला मुलगा): आपल्याकडे शाळेत सॉफ्टबॉल-बेसबॉल खेळतात. इंडियातून कुणी तिकडे पिचर झालंय का?

झालेत की. उत्तर प्रदेशचे रिंकू सिंग आणि दिनेश पटेल (हा रिंकू म्हणजे सिक्सर मारणारा रिंकू नव्हे), दोघं भालाफेकवाले, बेसबॉलचा बॉल कधी हातात न धरलेले. २००८ मधे अमेरिकन एजंटने इंडियात स्पीडने बॉल टाकायची टीव्ही स्पर्धा घेतली, त्यातून हे निवडले आणि त्याच वर्षी पिट्सबर्ग पायरेट्सनी साइन केले. मेजर लीगपर्यंत दोघंही पोचले नाहीत, पण मायनर लीगमधे खेळले, २००९ मधे रिंकूच्या नावावर एक मॅचही जिंकलेली लागली. दिनेश लवकर परत आला, रिंकू काही वर्षं टिकला, दुखापतींनी संपलं, मग तो कुस्तीत डब्ल्यूडब्ल्यूईला गेला. तुला एकच सांगतो, क्रिकेटमधे कोपर सरळ ठेवायची सवय लागते आणि इथे तो वाकवूनच फेकायचा असतो, तर दोन्ही खेळत असशील तर सरांना सांगून वेगवेगळ्या दिवशी प्रॅक्टिस कर आणि रोजचे थ्रो मोज. दुखलं की थांब, लपवू नकोस.

उरलेले छोटे प्रश्न एका दमात.

जॅक्सन आता हॉल ऑफ फेमला जाणार का (सातारा)? नाही, ४.७८ ची सरासरी घेऊन गेलं तर तिथे कुणी घेत नाही.

त्याने देशाकडून खेळला का (इंदूर)? हो, टोकियो ऑलिंपिकला, २०२१ मधे. मेजर लीगच्या टीमनी आपले चालू खेळाडू सोडले नाहीत म्हणून अमेरिकेने जुने खोंड आणि नवी पोरं अशी मिसळ करून टीम पाठवली, त्यात जॅक्सन होता आणि २००८ च्या टॅम्पाचा त्याचा जुना जोडीदार स्कॉट कॅझमिरही होता. फायनलला जपानकडून २-० ने हरले, सिल्व्हर. सप्टेंबर २०२२ मधे त्याने रिटायरमेंट जाहीर केली.

आयपीएलमधे असा कोण (डोंबिवली, पनवेल, आणि अजून बरेच)? एरन फिंच, ९ टीम. सध्या तिथे टीमच दहा आहेत, त्यामुळे १४ चं रेकॉर्ड करायचं तर आधी चार-पाच नवीन मालक शोधावे लागतील.